बोनसची रेघ आणि पगाराची स्लिप

पत्राचा सारांश : पत्र लिहिणाऱ्या ताई रत्नागिरी जिल्ह्यातल्या एका फळप्रक्रिया कारखान्यात अकरा वर्षं आहेत. हेल्पर म्हणून लागल्या, आता दिवसपाळीच्या सुपरवायझर आहेत. एप्रिल 2024 मध्ये त्यांना 1,800 रुपयांची पगारवाढ मिळाली आणि एकूण पगार 22,650 झाला. कारखाना दरवर्षी गणपतीच्या आधी बोनस वाटतो. यंदा 2024–25 चा बोनस वाटताना हिशेबनिसाने सांगितलं, "तुमचा पगार 21,000 च्या वर गेला, तुम्हाला बोनस नाही. तसाही सुपरवायझरला तो नसतोच." हाताखालच्या पॅकिंगच्या मुलीला साडेअकरा हजार मिळाले. ती पेढे घेऊन आली तेव्हा ताईंनी "उपास आहे" म्हणून ते नाकारले आणि त्यानंतर तिच्याशी कामापुरतंच बोलतात. त्या विचारतात, "घटनेत सगळे समान, मग बोनसच्या कायद्यात पगार पाहून भेदभाव कसा चालतो? नात्यातले एक वकील म्हणतात हायकोर्टात रिट याचिका टाकू. की मालकांना सांगून मूळ पगार कमी करून घेऊ? अशी पगारवाढ नकोच होती."

ताई,

तुमचं पत्र मी आधी सरळ वाचलं आणि मग शेवटाकडून उलटं वाचलं. मजकूर संपल्यावर सहीच्या खाली तुम्ही बारीक अक्षरात पगाराच्या स्लिपचे आकडे उतरवलेत : मूळ वेतन 14,200, महागाई भत्ता 4,100, घरभाडं 2,350, प्रवास 1,200, धुलाई 800. राग चार पानं आणि आकडे दोन ओळी. मला त्या दोन ओळींपासून सुरुवात करायची आहे.

बोनसच्या कायद्यात 'पगार' म्हणजे मूळ वेतन अधिक महागाई भत्ता. घरभाडं, प्रवासभत्ता, ओव्हरटाइम असले भत्ते त्यात धरत नाहीत. तुमचे 14,200 आणि 4,100 मिळून 18,300 होतात. 2024–25 साठी मर्यादा 21,000 ची होती. म्हणजे तुम्ही रेघेच्या अलीकडेच उभ्या आहात, ताई. हिशेबनिसाने 22,650 हा सगळा भत्त्यांसकटचा आकडा पाहिला आणि तुम्हाला पलीकडे ढकललं.

त्याच्या मनात खोट असेल असं मी लगेच म्हणणार नाही. 21,000 हा आकडा तेव्हा दोन कायद्यांत होता. राज्य कामगार विमा योजनेची, म्हणजे ईएसआयची, मर्यादाही जानेवारी 2017 पासून 21,000 च आहे आणि तिथे घरभाड्यासारखे भत्ते धरून हिशेब होतो. एकाच टेबलावर दोन्ही कागद भरणाऱ्या माणसाची गल्लत सहज होते. कोकणातल्या छोट्या कारखान्यांत हिशेब, हजेरी, जीएसटी आणि गणपतीची वर्गणी सगळं एकाच माणसाकडे असतं, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक.

"सुपरवायझरला बोनस नसतो" हे मात्र निखालस चूक. 1965 च्या बोनस कायद्यातली कर्मचाऱ्याची व्याख्या हातकाम करणाऱ्यापासून देखरेख करणारा, कारकून, तांत्रिक माणूस, अगदी व्यवस्थापक, सगळ्यांना कवेत घेते. त्यातून वगळलाय तो शिकाऊ उमेदवार. बाकी हुद्दा काय हे कायदा विचारत नाही. तो पगार विचारतो आणि वर्षात निदान 30 दिवस काम केलं का, ते विचारतो.

आता तुमचा मोठा प्रश्न. समजा तुमचं मूळ वेतन आणि महागाई भत्ता मिळून खरोखरच 21,400 असते, तर? मग 'समानते'च्या नावावर दाद लागली असती का?

माझं प्रामाणिक उत्तर : बहुतेक नाही. घटनेचं चौदावं कलम सगळ्यांना एकाच मापाने मोजा असं सांगत नाही. सारख्यांना सारखं वागवा, एवढं सांगतं. कायद्याने लोकांचे गट पाडायला हरकत नाही, पण त्याला दोन अटी. गट ओळखू येईल असा फरक हवा आणि त्या फरकाचा कायद्याच्या हेतूशी संबंध हवा. सर्वोच्च न्यायालयाने 1952 मध्ये अन्वर अली सरकार खटल्यात हे मांडलं आणि तेव्हापासून हेच माप चालत आलंय. बोनस कायद्याचा रोख कमी पगारवाल्यांकडे आहे, म्हणून पगाराची रेघ त्या मापात बसते. तुमच्या घरातलं रेशनकार्ड पिवळं आहे की केशरी, हेही अशाच रेघेवर ठरलेलं. रेघ कुठेही ओढली तरी तिच्या पलीकडे दहा रुपयांनी राहिलेला कुणीतरी असणारच, आणि कोर्ट त्या दहा रुपयांत सहसा शिरत नाही.

सहसा म्हटलं, कारण एक मोठा अपवाद आहे. 1982 च्या डिसेंबरात नकारा खटल्यात न्यायालयाने पेन्शनधारकांमधली तारखेची रेघ पुसली. 31 मार्च 1979 च्या आधी निवृत्त झालेल्यांना सुधारित पेन्शन नाही आणि नंतरच्यांना आहे, याला काही आधार नाही, असं न्यायालय म्हणालं. तुमचे वकील नातेवाईक बहुधा याच निकालाच्या जोरावर बोलत असतील. पण तिथे एकाच प्रकारच्या लोकांना निव्वळ तारखेने तोडलं होतं. पगाराच्या मर्यादेची गोष्ट तशी नाही. आणि बोनस कायद्यावर समानतेचा वार पहिल्यांदा केला तो मालकांनी. नफा असो वा तोटा, किमान बोनस सगळ्यांनी सारखाच द्यायचा, म्हणजे असमानांना समान वागवणं झालं, अशी त्यांची तक्रार होती. 1966 मध्ये जालान ट्रेडिंग खटल्यात न्यायालयाने त्या कायद्याची दुसरी काही कलमं मोडीत काढली, पण किमान बोनसचं कलम ठेवलं. तुमच्या पॅकिंगच्या मुलीला मिळालेल्या पैशाच्या मुळाशी तो निकाल आहे.

तेव्हा रिटवर पैसा आणि सुट्ट्या घालवू नका. तुमच्या बाबतीत तर कायद्याशी भांडण नाहीच. कायदा तुमच्या बाजूला आहे, तो फक्त चुकीचा वाचला गेलाय.

पण रेघ कायदेशीर आहे म्हणजे ती बरोबर आहे असं मी म्हणत नाही. तुमचा राग तिथे शंभर टक्के रास्त आहे, फक्त त्याचा पत्ता चुकलाय. 1965 मध्ये ही मर्यादा 1,600 रुपये होती. 2006 पासून 10,000 झाली, 2014 पासून 21,000. सुधारणा मंजूर झाली 2015 च्या अखेरीस आणि मागच्या तारखेपासून लागू केली. तेव्हापासून महागाई भत्ता वाढत राहिला आणि रेघ जागच्या जागी. दिल्लीत ऑक्टोबर 2024 पासून कुशल कामगाराचं किमान वेतन महिन्याला 21,917 रुपये होतं. म्हणजे ज्याच्या खाली पगार देणं गुन्हा, तो पगार बोनससाठी 'जास्त' ठरतो! याला काय म्हणावं? नोकरी सोडताना मिळणाऱ्या ग्रॅच्युइटीलाही पूर्वी 3,500 रुपयांची पगारमर्यादा होती, ती 1994 मध्ये काढून टाकली. तेव्हा रेघ हलते, पुसलीही जाते. पण ती संसदेत आणि सरकारी अधिसूचनेत हलते, आणि तीसुद्धा कुणी ओरडत राहिलं तर.

हे आपल्याकडच्या माणसांना नवं नाही. माझे आजोबा गिरणीत होते. घरात बोनस हा शब्द आम्ही ऐकला तो पोस्टमन मनीऑर्डर घेऊन आल्यावर. मुंबईच्या गिरण्यांनी पहिल्या महायुद्धात, 1917 मध्ये, पगारावर दहा टक्के 'लढाई बोनस' दिला. युद्ध संपलं, नफा ओसरला, मालकांनी तो बंद केला. 1924 मध्ये त्यावरून मोठा संप झाला. त्यातले किती हात रत्नागिरी जिल्ह्यातले होते ते आपल्या प्रत्येक वाडीला माहीत आहे. मुंबईचे मुख्य न्यायमूर्ती मॅक्लाऊड यांच्या समितीने तेव्हा निकाल दिला की बोनसवर कामगारांचा कायदेशीर हक्कच नाही. संप फसला. चाळीस-एक्केचाळीस वर्षांनी तोच बोनस कायद्याच्या पुस्तकात आला.

आता ती मूळ पगार कमी करून घेण्याची कल्पना. कृपा करून हे करू नका. मूळ वेतन कापून भत्ते फुगवले की भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, रजेचा पगार सगळं आकसतं. अकरा वर्षं झालीत तुम्हाला. ग्रॅच्युइटी शेवटच्या पगारावर मोजतात, वर्षाला पंधरा दिवस या हिशेबाने. एका गणपतीच्या बोनससाठी म्हातारपणीच्या रकमेला कात्री लावण्यासारखं होईल ते. शिवाय जुन्या बोनस कायद्याच्या जागी 21 नोव्हेंबर 2025 पासून लागू झालेल्या वेतन संहितेत भत्ते एकूण पगाराच्या निम्म्याहून जास्त झाले, तर वरची रक्कम वेतनातच धरतात. त्यामुळे ही युक्ती पुढे फारशी चालायचीही नाही.

"पगारवाढ नकोच होती" याचाही हिशेब करू. 1,800 गुणिले बारा म्हणजे वर्षाला 21,600. बोनस खरोखर गेला असता तरी तुमचं नुकसान झालं नसतं. ज्यांची वाढ पाचशे-सातशेची असते आणि त्यातच रेघ ओलांडली जाते, त्यांना मात्र खरा फटका बसतो. किमान बोनस 8.33 टक्के आहे, म्हणजे वर्षाच्या पगाराचा बारावा हिस्सा, म्हणजे साधारण एका महिन्याचा पगार. पण हा 'महिन्याचा पगार' तुमचा खरा पगार नाही. 2024–25 च्या मोजणीसाठी 7,000 रुपये किंवा तुमच्या कामाचं सरकारी किमान वेतन, यातलं जे जास्त तेच धरतात. त्यामुळे 13,000 पगाराच्या मुलीचा आणि 18,300 पगाराच्या तुमचा बोनस जवळपास सारखा येऊ शकतो. तुमची पॅकिंगची मुलगी साडेअकरा हजार घेऊन गेली, तर तुमचा आकडाही त्याच आसपास निघेल. जास्तीची आशा धरून मालकांकडे जाऊ नका, नाहीतर तिथे पुन्हा वाद.

तुमच्या पत्रात एक वाक्य असं आहे की तुम्ही ते लिहिलंत आणि पुढे निघून गेलात. "रात्रपाळीच्या सुपरवायझरला मालकांनी बक्षीस म्हणून दहा हजारांचं पाकीट दिलं, त्याचा पगार माझ्याएवढाच आहे." एवढंच. त्याच्यावर राग नाही, प्रश्न नाही. साडेअकरा हजार घेणाऱ्या मुलीवर मात्र दोन पानं. का, ताई? ती वयाने, पगाराने, हुद्द्याने खाली आहे म्हणून तिच्याकडे गेलेलं डोळ्यांत खुपलं. आणि बरोबरीचा पुरुष सहकारी पाकीट घेऊन गेला ते नेहमीचं वाटलं?

समान वागणुकीचा प्रश्न तुमच्या कारखान्यात असेलच, तर तो इथे आहे. 1976 चा समान वेतन कायदा सांगत होता, आणि आता वेतन संहिताही सांगते, की एकाच मालकाकडे सारखं काम करणाऱ्या बाई-पुरुषांच्या वेतनात केवळ बाई-पुरुष म्हणून फरक करता येणार नाही. कायद्याबाहेर मालक राजीखुशीने देतो त्याला सानुग्रह रक्कम म्हणतात, आणि ती कुणाला द्यायची याची त्याला बरीच मोकळीक असते. म्हणून आरोप करत जाऊ नका. आधी विचारा. कदाचित रात्रपाळीचा काही हिशेब असेल, मेमध्ये बॉयलर बंद पडला तेव्हा तो तीन रात्री थांबला असेल. कारण मिळालं तर ठीक. "तो घर चालवतो" असलं उत्तर आलं, तर ते तारखेसह वहीत लिहून ठेवा.

आता करायचं काय. मालक तुमच्याच वाडीतले, भावकीतले, त्यांना तुम्ही भाऊकाका म्हणता. त्यामुळे थेट तक्रारअर्जाने सुरुवात करणं मला पटत नाही, आणि तुम्हालाही जमणार नाही. आधी हिशेबनिसाकडे जा. दुपारी जेवणानंतर जा, पगाराच्या आठवड्यात नको. म्हणा, "दादा, बोनसला बेसिक आणि डीए धरतात ना? माझं 18,300 होतंय, जरा बघा." चारचौघांत बोलू नका. माणसाला चूक सुधारायला भिंतीआडची जागा लागते. कारखान्याला बोनसची नोंदवही ठेवावी लागते, 1965 च्या कायद्याखाली फॉर्म सी म्हणत तिला. त्यात तुमच्या नावापुढे काय लिहिलंय ते दाखवायला सांगा.

आठवडाभरात काही हललं नाही तर भाऊकाकांच्या नावे साधा अर्ज लिहा. नाव, किती वर्षं कामाला, स्लिपमधले आकडे, 2024–25 चा बोनस मिळाला नाही, हिशेब पाहून द्यावा. 'अन्याय', 'भेदभाव', 'कोर्ट' यातला एकही शब्द नको. दोन प्रती करा, एकीवर पोच घ्या. नात्यातल्या माणसाकडून पोच घेणं कानकोंडं वाटतं, मला कळतं. "ऑफिसची पद्धत आहे म्हणून" म्हणायचं आणि पेन पुढे करायचं.

तरीही नाही, तर जिल्ह्याचं कामगार कार्यालय. तिथे अर्ज करायला वकील लागत नाही. मुदतीचं भान ठेवा. वर्ष 31 मार्चला संपलं की आठ महिन्यांत, म्हणजे 30 नोव्हेंबरपर्यंत, बोनस द्यावाच लागतो. 2024–25 च्या बोनसला जुना 1965 चाच कायदा धरून चाला, आणि त्यात वसुलीचा अर्ज पैसे देय झाल्यापासून वर्षाच्या आत करायचा असतो. नव्या संहितेत दाव्यांना तीन वर्षांची मुदत आहे, पण तिच्या भरवशावर राहू नका. आणखी एक. पगारमर्यादेचा आकडा नव्या संहितेत छापलेला नाही, तो सरकारने अधिसूचनेने ठरवायचा आहे. पुढच्या गणपतीला कुणी "मर्यादा 21,000" म्हणालं, तर त्या दिवशी कुठला आकडा लागू आहे ते कामगार कार्यालयातून विचारून घ्या. वर्षाच्या मध्येच कुणी मर्यादा ओलांडली असेल, तर मर्यादेखालच्या महिन्यांचा बोनस मागायचा. सगळ्या वर्षावर पाणी सोडायचं नाही.

हे पत्र वाचणाऱ्या इतर बायांसाठी थोडं. हापूसच्या हंगामात एप्रिल ते जून कॅनिंगला जाणाऱ्या, काजू फोडायला बसणाऱ्या, कोळंबी सोलणाऱ्या कितीतरी जणींना वाटतं की बोनस कायम माणसांचा. तसं नाही. बोनसचा कायदा लागू असलेल्या कारखान्यात वर्षभरात 30 दिवस भरले की हक्क येतो, मग कामावर ठेकेदाराने लावलेलं असो की कारखान्याने. कारखाना नसलेल्या आस्थापनेत 1965 च्या कायद्याने सर्वसाधारणपणे 20 माणसं असावी लागत. नवा सुरू झालेला धंदा पहिली काही वर्षं नफा नसेल तर सुटतो. भरपगारी रजेचे आणि बाळंतपणाच्या भरपगारी रजेचे दिवस कामाचेच धरतात. ठेकेदार हजेरीच्या वहीत पंचवीसच दिवस दाखवतो अशी तक्रार मला दरवर्षी येते, म्हणून आपली हजेरी आपण ठेवा. पंचांगाच्या कॅलेंडरवर त्या दिवसापुढे फुली मारली तरी पुरे. दूधवाल्याचा हिशेब ठेवतो तसाच.

आणि ताई, त्या मुलीचं. तिला पेढे परत नेताना काय वाटलं असेल हे मी लिहीत बसत नाही, ते तुम्हालाच ठाऊक आहे, म्हणून तर पत्रात आलं. तिला बोलवा आणि तिची स्लिप मागा. तुमचे आकडे चुकले तर तिचेही चुकलेले असू शकतात. मोजणीला किमान वेतन धरलं की 7,000, तिचे सगळे दिवस आलेत का, हे तिला पाहता येणार नाही, तुम्हाला आता येतं. हिशेब बरोबर निघाला तर चहा तुमच्याकडून. उपास नसेल त्या दिवशी.